गोव्यातली खाऱ्या पाण्याची रेघ

मंगेशी, म्हार्दोळ, कवळे, रामनाथी, बांदोडा. महाराष्ट्रातल्या कितीतरी घरांची कुलदैवतं या गावांत आहेत. लग्न झालं की नवं जोडपं तिकडे दर्शनाला जातं. सकाळी पहिल्या देवळातून निघालं की दुपारच्या जेवणाआधी सगळी देवळं करून होतात, कारण ही गावं एकाच फोंडा तालुक्यात, एकमेकांपासून काही किलोमीटरवर आहेत. प्रवास सोयीचा होतो आणि आपण समाधानाने परत येतो.

पण एक प्रश्न विचारायचा राहून जातो. मंगेश मूळचा कुशस्थळीचा, म्हणजे आजच्या कुठ्ठाळीचा. शांतादुर्गा केळोशीची. म्हाळसा वेर्ण्याची. रामनाथ लोटलीचा. बांदोड्याला असलेली महालक्ष्मी कोलव्याची. यांतलं एकही गाव फोंड्यात नाही. ही पाचही गावं झुआरी नदीच्या दक्षिणेला, जुन्या साष्टी प्रांतातली. पाच देवांनी पाच गावं सोडली आणि सगळे नदी ओलांडून एकाच मुलखात येऊन बसले. असं का झालं?

‘पोर्तुगीजांनी बाटवलं म्हणून’ हे उत्तर आपल्याला पाठ असतं. ते खोटं नाही, पण अर्धं आहे. नदीच्या साष्टीकडच्या बाजूला धोका होता आणि फोंड्याकडच्या बाजूला नव्हता, तर मधली सीमा नेमकी तिथेच का होती? धोका आला तेव्हा काहीजण देव घेऊन निघून गेले आणि काहीजण धर्म बदलून तिथेच राहिले, तर राहणाऱ्यांना कशाने धरून ठेवलं? याचं उत्तर गोव्याच्या जमिनीत आहे. गोव्याचा इतिहास राजांच्या नावांवरून शिकताना मला तो कधीच नीट लक्षात राहिला नाही. कदंब, बहमनी, विजयनगर, आदिलशाही, पोर्तुगीज ही नुसती यादी उरायची. भरतीचं खारं पाणी कुठपर्यंत पोचतं, हे धरून तोच इतिहास पुन्हा वाचला तेव्हा मात्र त्याची संगती लागत गेली.

दिवसातून दोनदा गावात येणारा समुद्र

गोव्याचं क्षेत्रफळ ३,७०२ चौरस किलोमीटर. क्षेत्रफळाने देशातलं सगळ्यात लहान राज्य. पूर्वेला सह्याद्री: सत्तरी, धारबांदोडा, सांगे, काणकोण. तिथे रान, ओहोळ आणि डोंगरउतारावरची कुळागरं, म्हणजे सुपारी, नारळ, केळी आणि मिरी एकत्र वाढवणाऱ्या बागा. मध्ये जांभ्या दगडाचे सडे, म्हणजे पठारं, वरून उघडे आणि उन्हाळ्यात तापून लाल झालेले. आणि पश्चिमेला सखल पट्टा, जिथे मांडवी आणि झुआरी समुद्राला मिळतात.

नद्यांची ही शेवटची धाव जवळजवळ सपाट आहे. पावसाळ्यात नद्यांना इतकं पाणी असतं की समुद्र मागे ढकलला जातो. पाऊस संपला की गोडं पाणी आटतं आणि भरतीच्या वेळी समुद्र उलटा नदीत शिरतो. उन्हाळ्यात तो कित्येक किलोमीटर आत येतो. दिवसातून दोनदा भरती, दोनदा ओहोटी. काठावरची सखल जमीन भरतीला बुडते, ओहोटीला उघडी पडते आणि तिच्यावर खारफुटीशिवाय फारसं काही उगवत नाही.

याच दलदलीतून माणसांनी भातशेती काढली. तिला ‘खाजन’ म्हणतात. बांदोड्याला सापडलेल्या सुमारे सहाव्या शतकातल्या ताम्रपटात खाजन जमिनीचा आणि समुद्राचं पाणी अडवायला घालायच्या बांधाचा उल्लेख आहे. म्हणजे दीड हजार वर्षांपूर्वी हे तंत्र राजाच्या दानपत्रात लिहिण्याइतकं रुळलेलं होतं.

ते चालतं कसं? नदीकाठाने चिखलमातीचा बांध घालतात. माती तिथलीच, तिला धरून ठेवायला पेंढा, बांबू आणि दगड. बांधाबाहेर खारफुटी राखतात, म्हणजे लाटेचा मार थेट बांधावर बसत नाही. पण नुसता बांध घालून भागत नाही. पावसाळ्यात गोव्यात तीन मीटरच्या आसपास पाऊस पडतो, ते पाणी आतून बाहेर जायला हवं. म्हणून बांधात एक दार ठेवतात. त्याला ‘मानस’ म्हणतात. मानसाच्या लाकडी झडपा अशा बसवलेल्या असतात की बाहेर भरती चढली की पाण्याच्याच दाबाने त्या मिटतात, आणि ओहोटी लागली की आतलं पाणी त्यांना ढकलून उघडतं आणि बाहेर पडतं. दार उघडायला माणूस लागत नाही, चंद्र आणि पाणी ते काम करतात. पहिल्या पावसाने मातीतलं मीठ धुऊन निघालं की खारटपणा सोसणारं कोरगुटसारखं भात पेरायचं. पीक निघाल्यावर मोजकं खारं पाणी आत घ्यायचं, त्याबरोबर मासे आणि कोळंबी येतात, ती मानसाशी जाळं लावून धरायची. त्याच्या खालच्या पट्टीत मिठागरं. एकाच जमिनीतून भात, मासे आणि मीठ.

अशी सुमारे १८,००० हेक्टर जमीन गोव्यात आहे. समुद्राकडून मागून घेतलेली. हे तंत्र मला कुठल्याही किल्ल्यापेक्षा किंवा चर्चपेक्षा मोठं वाटतं, आणि गोव्याच्या सहलीत ते आपल्याला कोणी दाखवत नाही याचं वाईटही वाटतं.

या शेतीतून एक सामाजिक गोष्ट आपोआप निघते. बांध एका शेतकऱ्याचा असू शकत नाही. माझ्या शेताजवळ तो फुटला तर खारं पाणी तुझ्या शेतातही शिरतं आणि माती काही वर्षं नासते. बांध दरवर्षी डागडुजी मागतो, मानसावर नजर ठेवावी लागते, फुटला तर त्याच रात्री सगळ्या गावाला धावावं लागतं. म्हणजे जमीन वेगवेगळ्या नावावर आणि बांध सगळ्यांचा, हे जमत नाही. दोन्ही गावाचंच असावं लागतं.

गावाची मालकी

त्यातून उभी राहिली ती गावकरी. आपल्याकडे गावकरी म्हणजे गावात राहणारा कोणीही. गोव्यात गावकरी ही संस्था आहे आणि तिचे सभासद ते गावकार. गाव वसवणाऱ्या, बांध घालणाऱ्या मूळ घराण्यांचे वंशज. या घराण्यांना वांगड म्हणतात. गावची जमीन गावकरीच्या मालकीची. शेतं ठरावीक मुदतीने लिलावाने कसायला द्यायची. आलेल्या पैशातून आधी राजाचा सारा, मग बांधाची दुरुस्ती, देवळाचा खर्च, न्हावी, सुतार, लोहार, देवळातले सेवेकरी यांचा वाटा. उरलेलं गावकारांमध्ये वाटायचं, त्या वाट्याला ‘जोण’ म्हणतात.

प्रांतांची नावंसुद्धा या गावांच्या मोजदादीवरून पडली आहेत. तीस वाड्यांची ती तिसवाडी, बारा गावांचं ते बारदेश, सहासष्ट गावांची ती साष्टी.

या व्यवस्थेचं कौतुक करताना एक गोष्ट झाकून ठेवता कामा नये. गावकरीत बायकांना वाटा नव्हता. जोण पुरुष वंशजांना मिळे. ज्यांच्या श्रमांवर बांध उभे राहिले असं गोव्यात मानलं जातं त्या गावडे-कुणबी समाजातले पुष्कळ लोक, आणि नंतर गावात आलेले कारागीर, हे गावात राहूनही मालकीबाहेर होते. हा अन्याय पुढे १९६० नंतरच्या राजकारणात उसळून वर येतो.

जहाज जिथवर जातं तिथवर राज्य

२५ नोव्हेंबर १५१० रोजी आफोंसो द आल्बुकेर्कने आदिलशहाकडून तिसवाडी जिंकली. १५४३ मध्ये बारदेश आणि साष्टी हे दोन प्रांत पोर्तुगीजांकडे आले. आणि मग, ही गोष्ट पुष्कळांना माहीत नसते, जवळजवळ सव्वादोनशे वर्षं ते याच्या पुढे गेले नाहीत. ‘गोवा साडेचारशे वर्षं पोर्तुगीजांकडे होता’ असं आपण म्हणतो, पण ते आजच्या गोव्याच्या जेमतेम पाव भागाबद्दल खरं आहे.

तो पाव भाग कोणता, ते नकाशावर पाहावं. तिसवाडी म्हणजे मांडवी, झुआरी आणि त्यांना जोडणारा कुंभारजुव्याचा खाडीपट्टा यांनी वेढलेलं बेट. बारदेश मांडवी आणि शापोरा यांच्या मधलं. साष्टी झुआरीच्या दक्षिणेची. तिन्ही खाऱ्या पाण्याच्या काठची, तिन्ही खाजनांची. पोर्तुगीजांची ताकद जहाजात आणि जहाजावरच्या तोफेत होती. भरतीचं पाणी जिथवर जातं तिथवर त्यांचा धाक. त्यापलीकडे रान, घाट आणि आदिलशाहीचा अंमल. शिवाय भाताचा चांगला सारा याच पट्ट्यातून येत होता, त्यामुळे डोंगरात शिरण्याची घाईही नव्हती.

सारा मिळत राहावा म्हणून त्यांनी गावकरी मोडली नाही. १५२६ मध्ये आफोंसो मेशिया या अधिकाऱ्याने गावकरीच्या चालीरीती लिहून काढल्या आणि त्यांना कायद्याचं रूप दिलं. पुढे हिलाच कोमुनिदाद हे नाव पडलं. बांध सांभाळणारे हात गेले तर भात जाईल, हे राज्यकर्त्याला कळत होतं.

मग १५४० पासून तिसवाडीत आणि १५६० च्या दशकात बारदेश-साष्टीत देवळं पाडली गेली. देवळांच्या जमिनी चर्च आणि धर्मसंघांकडे गेल्या. १५६० मध्ये इन्क्विझिशन, म्हणजे धर्मन्यायालय आलं. मध्ये काही वर्षं ते बंद होतं, पण १८१२ पर्यंत टिकलं.

आता साष्टीतल्या एखाद्या गावकाराच्या जागी उभं राहून पाहू. त्याच्यापुढचे दोन्ही रस्ते त्याच्या घराण्याला तोडणारे आहेत. देव घेऊन झुआरी ओलांडली तर देव वाचतो. पण जोण जाते, शेत जातं, पिढ्यान् पिढ्या घातलेला बांध जातो. धर्म बदलून राहिलं तर जमीन, घर आणि गावकरीतलं स्थान राहतं, देव जातो. खाजन उचलून नेता येत नाही. मूर्ती नेता येते. कित्येक घराण्यांत एक भाऊ होडीत बसला आणि दुसरा बांधावर राहिला. म्हणून आजही मंगेशीला येणाऱ्या भाविकाचे आणि कुठ्ठाळीतल्या एखाद्या ख्रिस्ती कुटुंबाचे पूर्वज एकच असू शकतात. राहिलेल्यांना भित्रे आणि गेलेल्यांना शूर ठरवणं किंवा त्याच्या उलट म्हणणं, दोन्ही मला अन्यायाचं वाटतं. त्यांच्यापुढचा प्रश्न आपल्यापुढे कधी आलेला नाही.

फोंड्याच्या बाजूला म्हणजे अंत्रुज महालात आधी आदिलशाही होती, १६७५ मध्ये शिवाजी महाराजांनी फोंड्याचा किल्ला घेतला, नंतर सोंद्याच्या राजांचा अंमल आला. दिवाडी बेटावरून नार्व्याला नेलेल्या सप्तकोटीश्वराचं देऊळ महाराजांनी १६६८ मध्ये बांधून दिलं. कवळ्याचं आजचं देऊळ शाहू महाराजांचे मंत्री नारोराम यांच्या पुढाकारातून १७३० च्या दशकात उभं राहिलं. मंगेशीच्या दीपमाळेपाशी उभं राहून जी भव्यता दिसते तिच्यात साताऱ्याचा आणि पुण्याचा पैसा आहे, आणि पाया आहे तो निर्वासित गावकारांचा.

कुंकळ्ळीची गोष्ट वेगळी सांगायला हवी. १५८३ मध्ये साष्टीतल्या या गावाने प्रतिकार केला. पाच जेजुइट पाद्री मारले गेले. मग गावकारांच्या पुढाऱ्यांना बोलणी करायला म्हणून असोळण्याच्या किल्ल्यात बोलावलं आणि ठार केलं. पंधरा-सोळा जण. त्यानंतर शिक्षा काय झाली, तर गावांची जमीन काढून घेतली गेली. कारण राज्यकर्त्याला पक्कं ठाऊक होतं की गावकारापासून जमीन तोडली की गाव तुटतं. पण ते पुरतं तुटलं नाही. कुंकळ्ळीची शांतादुर्गा फातर्प्याला गेली, आणि आजही शिगम्याच्या दिवसांत तिची मिरवणूक रंगीत छत्र्यांसह फातर्प्याहून कुंकळ्ळीला येते. बारा वांगडांच्या बारा छत्र्या. त्या वांगडांतले ख्रिस्ती झालेले गावकारही या मिरवणुकीत आपला मान घेऊन असतात. धर्म वेगळा झाला, वांगड तेच राहिलं.

दोन गोवे

डिचोली, सत्तरी, फोंडा, सांगे, केपे, काणकोण, पेडणे हा उरलेला तीन-चतुर्थांश गोवा पोर्तुगीजांकडे आला तो १७६३ ते १७८८ या काळात. त्याला ते ‘नव्या काबिजादी’, म्हणजे नवे जिंकलेले मुलूख, म्हणत आणि आधीच्या पट्ट्याला ‘जुन्या काबिजादी’. तोपर्यंत युरोपातलं वारं बदललं होतं आणि इथल्या लोकांच्या धर्माला, चालीरीतींना हात लावायचा नाही असं धोरण ठरलं. म्हणून या भागातली देवळं टिकली. जुन्या काबिजादींत मात्र १६८४ मध्ये कोकणी भाषेवरही बंदीचा हुकूम निघाला होता.

आजचा गोवा समजून घ्यायला ही जुन्या-नव्याची रेघ फार उपयोगी पडते. रेघेच्या एका बाजूला गावाच्या मध्यात चर्च, रोमन लिपीतली कोकणी, कोमुनिदादची शेतं. दुसऱ्या बाजूला देऊळ, मराठी कीर्तन आणि भजन, कुळागरं, आणि सत्तरीसारख्या भागात राणे-देसायांकडे इनामी पद्धतीने गेलेली जमीन. सत्तरीच्या राण्यांनी पोर्तुगीजांविरुद्ध पुन्हा पुन्हा बंडं केली, १८५२ मध्ये दीपाजी राण्यांनी, १८९५ मध्ये दादा राण्यांनी. पोट दोन्हीकडच्यांचं भात आणि मासळीवरच, भाषाही घरात एकच. पण गेल्या चारशे वर्षांची आठवण वेगळी.

दोन्ही बाजूंची माणसं मग एकाच शहरात आली, मुंबईत. यामागेही मीठ आहे. १८७८ मध्ये ब्रिटिश आणि पोर्तुगीज यांच्यात करार झाला. मुरगाव बंदर रेल्वेने जोडायचं ठरलं, आणि त्याच करारात गोव्याच्या मिठाचं नियंत्रण ब्रिटिशांच्या हाती गेलं. खाजनांच्या कडेला शतकानुशतकं चालत आलेल्या मिठागरांना त्याचा जबर फटका बसला. जोण आधीच वाटण्या होऊन लहान झालेली. माणसं घराबाहेर पडली: आगबोटींवर खलाशी, मुंबईत स्वयंपाकी, आया, कारकून, बँडवाले. धोबीतलाव, माझगाव, गिरगाव इथे त्यांनी ‘कूड’ उघडले. कूड म्हणजे गावाच्या नावाने चालवलेली खोली: एका गावचा माणूस मुंबईत उतरला की त्याच्या ट्रंकेला आणि त्याला तिथे जागा. धोबीतलावच्या जेर महाल या इमारतीत असे कितीतरी कूड राहिले. मला यात गावकरीच दिसते. बांध सोडून माणसं रेल्वेने निघून आली, पण चार खाटांच्या खोलीतही गावाची मालकी सगळ्यांची.

यातून संगीतात जे घडलं ते मी कुणालाही सांगितल्याशिवाय राहत नाही. जुन्या काबिजादींत चर्चच्या शाळांमध्ये मुलांना पाश्चात्त्य स्वरलिपी आणि व्हायोलिन शिकवत. नव्या काबिजादींत देवळांच्या आश्रयाने कलावंतांची गाण्याची परंपरा वाढली. केरीच्या केसरबाई केरकर, कुर्डीच्या मोगूबाई कुर्डीकर, मंगेशीचे दीनानाथ मंगेशकर त्या बाजूचे. माजोर्ड्याचे ॲन्थनी गोन्साल्विस आणि हिंदी चित्रपटांच्या वाद्यवृंदात बसलेले असंख्य गोमंतकीय वादक या बाजूचे. लताबाईंच्या एखाद्या जुन्या गाण्यात आवाज झुआरीच्या एका तीरावरून आलेला असतो आणि मागची व्हायोलिनं दुसऱ्या तीरावरून.

फूल आणि दोन पानं

१८ जून १९४६ रोजी मडगावात राममनोहर लोहियांनी सभाबंदी मोडली. १९५५ च्या १५ ऑगस्टला सीमेवर सत्याग्रहींवर गोळीबार झाला. त्यांत महाराष्ट्रातून गेलेले पुष्कळजण होते. १९ डिसेंबर १९६१ ला गोवा मुक्त झाला.

मुक्तीनंतर पहिला मोठा प्रश्न पुन्हा जमिनीचाच होता. भाटकार म्हणजे जमीनदार. मुंडकार म्हणजे त्याच्या जमिनीवर झोपडं बांधून राहणारा आणि म्हणून त्याच्या शब्दाला बांधलेला. कूळ म्हणजे कसणारा. १९६३ च्या निवडणुकीत दयानंद बांदोडकरांचा महाराष्ट्रवादी गोमंतक पक्ष सत्तेवर आला तो या मुंडकार-कुळांच्या, बहुजन समाजाच्या बळावर. पक्षाला गोवा महाराष्ट्रात विलीन करायचा होता. खेड्यापाड्यांत मराठी शाळा उघडल्या आणि ज्यांच्या घरात कधी पाटी आली नव्हती ती मुलं शिकू लागली.

१६ जानेवारी १९६७ ला जनमत कौल झाला. विलीनीकरण हवं असेल तर फुलावर खूण, वेगळा केंद्रशासित प्रदेश हवा असेल तर दोन पानांवर. कौल निष्पक्ष व्हावा म्हणून बांदोडकरांनी आधी राजीनामा दिला होता. विलीनीकरणाच्या बाजूने १,३८,१७० मतं पडली, विरोधात १,७२,१९१. फरक ३४,०२१. साष्टीने मोठ्या आघाडीने दोन पानं उचलली, पेडणे, डिचोली, फोंडा या बाजूला कल फुलाकडे होता. जुनी आणि नवी काबिजाद, मतपेटीत पुन्हा तीच रेघ. पण फक्त तेवढ्यावर हा निकाल लागला नसता. त्यानंतर दोनच महिन्यांत झालेल्या निवडणुकीत त्याच मतदारांनी बांदोडकरांना पुन्हा मुख्यमंत्री केलं. लोकांना त्यांचं राज्य हवं होतं, विलीनीकरण नको होतं.

महाराष्ट्रात हा निकाल पुष्कळांच्या जिव्हारी लागला होता, अजूनही ‘गोवा आपला व्हायला हवा होता’ असं म्हणणारे भेटतात. त्यांना माझं सांगणं एवढंच असतं की ज्या मुलखात गाव स्वतःचा बांध स्वतः सांभाळत आला, त्याला दूरच्या राजधानीतून चालवलं जाणं नको वाटलं, तर त्यात मराठीचा अपमान नव्हता. मराठी तिथे आजही शाळांत, नाटकांत आणि देवळांत आहे. १९८७ मध्ये देवनागरी कोकणी राजभाषा झाली, मराठीलाही सरकारी वापरात जागा मिळाली आणि त्याच वर्षी ३० मे रोजी गोवा देशाचं पंचविसावं राज्य झालं.

बांधाचा धनी कोण?

१९६४ च्या कूळकायद्याने कुळाला काढून टाकणं अवघड झालं. १९७५ मध्ये मुंडकाराला त्याच्या घराचं संरक्षण मिळालं. १९७६ च्या दुरुस्तीने कसेल त्याची जमीन झाली, शशिकला काकोडकर मुख्यमंत्री असताना. शतकानुशतकं बांधाला माती घालणारा पहिल्यांदा त्या शेताचा मालक ठरत होता. हा न्याय उशिरा झाला, पण झाला.

त्याची एक बाजू मात्र कुणी पुरेशी विचारात घेतली नव्हती. लिलाव बंद झाले तसं कोमुनिदादचं उत्पन्न आटलं. बांध आणि मानस सांभाळायचं काम नव्याने झालेल्या कूळ संघांकडे गेलं. काही संघ चांगले चालले. काही ठिकाणी मानसाशी मासे धरण्याचा ठेका भातापेक्षा जास्त पैसा देऊ लागला आणि मासे वाढावेत म्हणून खारं पाणी नको तेव्हा, नको तेवढं आत घेतलं जाऊ लागलं. शेतीत माणसं उरली नाहीत, मुलं नोकरीला गेली. पडीक खाजनांत खारफुटी परतली. आणि मग भराव घालून रस्ते, घरं, हॉटेलं.

डोंगराकडच्या बाजूला तोच प्रश्न लोहखनिजाने विचारला. दुसऱ्या महायुद्धानंतर जपानकडे निर्यात सुरू झाली आणि मांडवी-झुआरीतून खनिजाचे बार्ज मुरगावला जाऊ लागले. पोर्तुगीजांनी दिलेले खाणीचे परवाने कायमचे होते, ते १९८७ च्या कायद्याने भाडेपट्टे ठरले. भूजलाच्या खाली खोदायचं तर खाणीतलं पाणी सतत उपसावं लागतं, म्हणून शेजारच्या विहिरी आटतात. पावसात टाकाऊ मातीचे ढीग वाहून शेतात बसतात. २०१२ मध्ये खाणी थांबल्या, पुढे सुरू झाल्या, आणि २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ८८ खाणपट्ट्यांचं नूतनीकरण रद्द केलं. ट्रकवाले, बार्जवाले, खाणीतले कामगार यांची घरं त्यावर चालत होती. त्यांचं दुःख आणि शेतकऱ्याची गाळाने भरलेली शेती, दोन्ही एकाच गावात असतात, कधी एकाच घरात.

मोगूबाईंची कुर्डी आता साळावलीच्या धरणात आहे. दक्षिण गोव्याच्या नळांना येणारं गोडं पाणी त्या गावावरून येतं. मे महिन्यात पाणी उतरलं की घरांचे चौथरे वर येतात आणि विस्थापित झालेली माणसं आपल्या सोमेश्वराच्या आणि चॅपेलच्या उत्सवाला तिथे जमतात.

पुढच्या वेळी कुलदैवताला जाल तेव्हा पणजीहून आधी दक्षिणेकडे, झुआरीच्या पुलावर जा. आगशीकडून पूल चढून कुठ्ठाळीला उतरायचं. मंगेशाचं मूळ गाव ते हेच. तिथून लोटली, बोरी असं करत, पुन्हा झुआरी ओलांडून फोंड्याला या, म्हणजे देवांनी ओलांडलेली नदी तुम्हीही ओलांडाल. वाटेत काठाच्या सखल जमिनीकडे नीट पाहा. पावसाळ्यात हिरवं भात दिसलं तर तिथला बांध कोणीतरी अजून राखतंय. मधूनच खारफुटीची झुडपं आणि साचलेलं पाणी दिसलं तर तिथे तो फुटलेला आहे. आणि रस्त्याकडेला एखादा मानस दिसला तर भरती-ओहोटीची वेळ विचारून दहा मिनिटं थांबा. ओहोटी लागताना झडप हळूच उघडताना दिसेल.